साळूचा द्वारपाल

त्या राज्यातलं धुकं कधीच विरत नसे. आपलं नाक पोचतं तिथवरच जग, असं मानून तिथले प्राणी सुखानं नांदत. पलीकडच्या टेकडीवर मात्र एक प्रार्थनेचं घर होतं. एका राजानं परक्यांसाठी जीव दिला, तो मरणातून उठला, असं तिथे रोज सकाळी सांगत. बाकीचे हसत.

साळू नावाचं साळिंदर सगळ्यांत मोठ्यानं हसे. त्याची आई त्याच घरात गुडघे टेकून हाका मारता मारता गेली, आणि कुणी ओ दिली नाही. हात लावता येईल तेच खरं, अशी तेव्हापासून त्यानं खूणगाठ बांधली. गोष्टींचं मात्र त्याला भारी वेड. बोलणारे डोंगर, न पाहिलेली नगरं यांत तो तहानभूक विसरे. खोटंच आहे म्हटल्यावर भीती कसली, अशी त्याची समजूत.

दर गुरुवारी दुपारी साळू, बगळा आणि घोरपड फणसाखाली जमत, आपापल्या रचलेल्या गोष्टी ऐकवत आणि एकमेकांच्या गोष्टींची सालपटं काढत. रीत अशी, की गोष्ट संपली की ऐकणाऱ्यानं एक प्रश्न विचारायचा आणि सांगणाऱ्यानं विचार न करता उत्तर द्यायचं. अडखळला, तर गोष्ट कच्ची. बगळा टेकडीवरच्या घरात जाई, पण फणसाखाली त्यानं त्याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. म्हणून तर मैत्री टिकली होती.

एकदा साळूनं नवी गोष्ट काढली. नगराचा द्वारपाल फासावर जाणाऱ्या चोराला सोडवून स्वतः त्याच्या जागी उभा राहतो. घोरपड सहज म्हणाली, ही तर टेकडीवरची गोष्ट.

साळूच्या अंगावरचे काटे ताठ झाले. गोड बोलून तूच हे माझ्या डोक्यात भरवलंस, असं तो बगळ्याला तोडून बोलला. बगळा खरोखर गोंधळला. आपण ही गोष्ट टेकडीवर रोज ऐकतो, पण नीट ऐकू आली ती आजच, एवढंच तो म्हणाला.

साळूला आठवडाभर काही सुधरेना. उचलली म्हणावी, तर कधी? स्वतः रचली म्हणावी, तर आईचं प्रार्थनेतलं पुटपुटणं का आठवत होतं? बगळ्याशी बोलणं तोडावं, तर गोष्ट सांगायची कुणाला? शेवटी त्यानं तोड काढली. द्वारपाल मेला तो मेलाच. म्हणजे टेकडीशी संबंध संपला आणि बगळाही राहिला.

पुढच्या गुरुवारी त्यानं तसंच सांगितलं. दोर आवळला, गर्दी पांगली, नगराचं दार ओस पडलं. प्रश्नाची पाळी बगळ्याची होती. तो परत आला का, असं हा विचारणार, म्हणून साळूनं उत्तर जिभेवर तयार ठेवलं होतं.

बगळ्यानं विचारलं, "दोर आवळताना तो कुणाकडं बघत होता रे? चोराकडं?"

"नाही," साळू बोलून गेला, "माझ्याकडं."

घोरपड बुचकळ्यात पडली. गोष्टीत साळू कुठं होता, असं तिनं दोनदा विचारलं. साळूनं मागे वळून धुक्यात पाहिलं. कुणीच दिसत नव्हतं. तरी तो फणसाच्या मुळावर जरासा सरकला आणि शेजारी एकाला बसता येईल एवढी जागा करून दिली.