मागं न हटणारी गाडी

“गाडी ठीक आहे रे. बिघाड साहेबांच्या हातात आहे. पण हे त्यांना सांगणार कोण? तू सांगतोस?”

मामंजी हे माझ्या नवऱ्याच्या, उमाकांतच्या, कानात बोलले होते. मी दाराआड चहाचा ट्रे घेऊन उभी होते. लग्नाला सव्वा महिना झाला होता. मी फार बोलत नाही म्हणजे मला ऐकूही कमीच येत असणार, असा घरात समज होता. तो मी मोडला नव्हता. सोयीचा होता.

साहेब म्हणजे साखर कारखान्याचे चेअरमन तात्यासाहेब. आमचं गॅरेज कारखान्याच्या गेटसमोर, कारखान्याच्याच जागेत. तात्यासाहेबांनी तीस वर्षं एकच जीप स्वतः चालवली. ड्रायव्हरच्या हाती स्टिअरिंग देणं म्हणजे खुर्ची देणं, असं त्यांचं मत. गेल्या महिन्यात त्यांनी नवी गाडी घेतली, सहा गिअरची. पुढं झकास पळे. मागं मात्र जात नसे. साहेबांनी रिव्हर्स टाकला की ती दोन बोटं पुढं सरके, थरथरे आणि बंद पडे. मग बारा कार्यकर्ते समोरून हात लावून तिला मागं ढकलत. हळूहळू त्यांच्यातही मान ठरले. बॉनेटला मधोमध हात कोणी लावायचा, यावरून रुसवेफुगवे होऊ लागले.

कंपनीचा माणूस येऊन गेला होता. “साहेब, आपला गिअर चुकतोय,” म्हणाला. त्याला चहासुद्धा मिळाला नाही.

आता गाडी आमच्या दारात आली होती.

“बापू,” तात्यासाहेब मामंजींना म्हणाले, “उद्या दहाला येतो. गाडी मागं गेली पाहिजे, आणि ती मीच नेणार. गिअरबॉक्स खोलायचा नाही, कोरी गाडी आहे. आणि तुमच्यापैकी कोणी ह्या सिंहाला हात लावायचा नाही.”

सिंह चांदीचा होता. साहेबांच्या साठीला कार्यकर्त्यांनी दिलेला. गिअरच्या मुठीवर तो टोपीसारखा चढवून नट-बोल्टनं आवळला होता.

“आणि नाही गेली तर?” उमाकांतनं विचारलं. मामंजींनी त्याच्या पायावर पाय दिला.

“तर जागा रिकामी करा. ज्याला गाडी मागं नेता येत नाही, त्याला गेटसमोर गॅरेज कशाला?”

हे बोलताना साहेब स्वतःकडं बघत नव्हते, एवढं मात्र खरं.

मी चहा दिला आणि कोपऱ्यात उभी राहिले. जाण्यापूर्वी साहेबांनी एकदा प्रयत्न करून दाखवला. त्यांचा हात सरळ उजवीकडं गेला आणि खाली आला. तीस वर्षांची सवय! जीपचा रिव्हर्स तिथंच असतो. ह्या गाडीत तिथं सहावा असतो.

माझे वडील मोटार ड्रायव्हिंग स्कूल चालवतात. गिअरचा नकाशा मी पाढ्यांच्या आधी शिकले. ते सांगायचे, पहिला गिअर कष्टाचा. चाकं सावकाश फिरतात, पण ओढतात. सहावा आरामाचा. गाडी आधीच्या पाचांनी पळवून ठेवलेली असते, हा फक्त चालू ठेवतो. उभी गाडी सहाव्यात टाकली तर इंजिन जीव सोडतं. सहा गिअरच्या बऱ्याच गाड्यांत रिव्हर्स डाव्या अंगाला, पहिल्याच्या शेजारी असतो. चुकून पडू नये म्हणून मुठीखालची कडी बोटांनी वर उचलल्याशिवाय तो पडतच नाही. इथं ती कडी सिंहाच्या पोटाखाली झाकली गेली होती.

मामंजींना हे सगळं ठाऊक होतं. अडचण गिअरबॉक्सची नव्हतीच. रात्रीच्या भाकऱ्या थापता थापता मी उमाकांतला एक वाक्य सांगितलं. त्यानं ते तीनदा घोकलं.

सकाळी दहाला साहेब आले. मागं पी.ए., त्याच्यामागं बारा जण. ते सवयीनं बॉनेटला हात लावून तयार उभे राहिले.

“काय बापू, झालं काम?”

मामंजींनी उमाकांतकडं पाहिलं. उमाकांतनं भिंतीकडं बघत म्हटलं, “साहेब, गाडीत दोष नाही. पण सिंह कधी मागं हटतो का? तुम्ही त्याला गिअरवर बसवलंय. तो मागं जाऊ देईल कसा?”

साहेबांनी मिशीवरून बोट फिरवलं.

“हे आधी कोणाच्याच डोक्यात कसं आलं नाही?”

“त्याचं स्थान पुढं, साहेब. काचेजवळ,” उमाकांतनं घोकलेलं संपवलं.

साहेबांनी पाना मागितला. स्वतःच्या हातानं सिंह उतरवला आणि डॅशबोर्डवर ठेवला. खालून काळी मूठ निघाली. तिच्यावर पांढऱ्या आकड्यांचा नकाशा. साहेबांनी चष्मा लावला आणि बराच वेळ वाचत राहिले. मग कडी उचलली, दांडा डावीकडं नेऊन पुढं ढकलला आणि क्लच सोडला.

गाडी लोण्यासारखी मागं गेली. बॉनेटवर रेललेले बाराही जण तोंडावर आपटले, मधला मानकरी सगळ्यात आधी.

टाळ्या वाजल्या. साहेबांनी मात्र पुन्हा मुठीकडं पाहिलं, उजवीकडं, खाली.

“बापू, मग महिनाभर मी टाकत काय होतो?”

मामंजी पाना पुसू लागले. पी.ए.ला फोन आला, जो वाजला नव्हता. खरं सांगावं तर जागा जाणार. खोटं सांगावं तर आकडा समोर छापलेला. उमाकांतकडं दुसरं वाक्य नव्हतं.

तेव्हा मी कोपऱ्यातून पुढं आले आणि बोलले. साहेब असे हसले की स्टिअरिंगवर कपाळ टेकलं आणि हॉर्न वाजत राहिला. गॅरेजची जागा दहा वर्षांसाठी बापूंच्या नावे करायला त्यांनी पी.ए.ला तिथल्या तिथं सांगितलं आणि माझ्यासाठी साखरेचं एक पोतं गेटवरून मागवलं. मी एवढंच म्हटलं होतं,

“सहावा, साहेब. आमच्यासारख्यांना तिथं पोचायला आधीचे पाच चढावे लागतात. तुम्ही एकदम तिथूनच सुरुवात केलीत. गाडीलाच त्याची सवय नव्हती.”