करंगळी

“...ते सगळं येतं हो मला, मास्तर. घोडा येतो, बंदूक येते. पण पडद्यावर मरायचं कसं, तेवढं सांगा.”

म्हातारा एझ्रा तबेल्यात घोड्याची आयाळ विंचरत होता. त्याने मान वर केली नाही.

हा एझ्रा मूळचा गुरं राखणारा. चित्रं मुकी होती त्या काळात अमेरिकेत घोडेस्वारांच्या सिनेमांना नुसता ऊत आला होता. तेव्हा एका कंपनीवाल्याने त्याला कुरणातून उचलून नेलं. तोंडावर देवीचे वण, म्हणून नशिबी कायम दरोडेखोराचं काम. दर सिनेमात शेवटी गोळी खायची नि धुळीत पडायचं. पण मरायचा असा, की ज्याला घटकाभरापूर्वी शिव्या दिल्या त्याच्यासाठी लोक डोळे पुसत घरी जायचे.

पुढे चित्रं बोलायला लागली. एझ्राचा आवाज म्हणजे गंजलेली बिजागरी. काम सुटलं. आता तो त्याच कंपनीचे घोडे सांभाळत होता.

मरायचं कसं विचारणारा वेंडेल जवान होता, देखणा होता, आणि ते त्याला पक्कं ठाऊक होतं. तो मेला की सेटवरची माणसं तोंड फिरवून हसत. उद्या सकाळी शॉट पुन्हा घ्यायचा होता. दिग्दर्शकाने बजावलं होतं, उद्या नीट मेला नाहीस, तर तुझ्या जागी दुसरा मरेल.

“मर बघू,” एझ्रा म्हणाला.

“इथे? लिदीत?”

“मेलेल्याला लीद काय नि गादी काय.”

वेंडेल मेला. छातीवर हात, दोन-चार गिरक्या, डोळे पांढरे. मग एक डोळा किलकिला करून त्याने पाहिलं. एझ्रा घोड्याचा खूर साफ करत होता.

“कसा मेलो?”

“झोकात. नवरदेव घोड्यावरून उतरावा तसा.”

वेंडेलचे कान तापले. “चूक माझी नाही, मास्तर. मागच्या खेपेला चांगला रंगला होता शॉट. पण बायको लेकीला घेऊन कुंपणाशी उभी. मी पडलो नि पोरीने टाहो फोडला. गेला शॉट.”

“मग उठून काय केलंस?”

“काय करणार? तरातरा गेलो नि बायकोवर ओरडलो. म्हटलं, हिला पुन्हा इथे आणशील तर याद राख.”

“आणि पोर?”

वेंडेल उठून उभा राहिला.

“पोर काय म्हणाली?”

“एवढीशी ती, काय म्हणणार?” वेंडेलने माखलेली बाही झटकली. “तेव्हापासून जवळ येत नाही. हात लावला की अंग चोरते. आईच्या मागे लपून बघते, मी कुणी परका असल्यासारखं. बायकोच्या डोळ्याला डोळा नाही. म्हणते, पोरीच्या मनाने काहीतरी घेतलंय. बायकांचं काय, उठताबसता काळजी.”

एझ्राने ब्रश खाली ठेवला.

मग तो मेला.

गिरकी नाही, छातीला हात नाही. आतून कुणी गाठ सोडावी तसे गुडघे दुमडले आणि अंग गवताच्या भाऱ्यावर कललं. टोपी घरंगळत गेली. घोड्याने मान लांबवून त्याला हुंगलं.

वेंडेल खाली वाकला. “मास्तर...?”

आणि त्याला दिसलं. डाव्या हाताची करंगळी किंचित वाकली. सरळ झाली.

“बोट हललं!” त्याने टाळी वाजवली. “पकडलं, मास्तर! तुमचंही चुकतं की!”

“चुकलं नाही,” एझ्रा डोळे मिटूनच म्हणाला. “माझा पहिला सिनेमा लागला, तेव्हा लेकीला मांडीवर घेऊन तंबूत बसलो होतो. पडद्यावर मी मेलो. पोरीने तिकडे पाहिलं, वर माझ्याकडे पाहिलं... आणि उतरून पळाली. माझ्या हातचा घास घेईना. म्हणे, बाबा तिकडे धुळीत पडलेत. हा कोण?”

घोडा फुरफुरला.

“मग आमचं ठरलं. बाबा पडले की करंगळीकडे बघायचं.”

“दर सिनेमात?”

“दर सिनेमात. सगळा तंबू रडायचा, नि माझी एटा शेंगदाणे खात बसायची.”

“आणि दुसऱ्या कुणाला दिसलं नाही?”

“दुसऱ्या कुणासाठी नव्हतंच ते.”

वेंडेलने स्वतःची करंगळी वाकवून पाहिली. चेहऱ्यावर हुशारी परत आली. “अस्सं! म्हणजे गोम ही आहे. उद्या करंगळी हलवली की झालं...”

एझ्रा उठला. टोपीची धूळ झटकली.

वेंडेलचं बोट मध्येच थांबलं.

“पण... तिला सांगणार कोण? ती तर माझ्याजवळ येतच नाही.”

एझ्राने घोड्याचा लगाम त्याच्या हातात दिला.

“आणि उद्याचा शॉट, मास्तर? मरायचं कसं, ते राहिलंच...”

“ते उद्या. आज घरी जा. अंगणात तिच्यासमोर पड... आणि ऊठ.”