खाल्लेली वाट

पूर्वी उत्पलनगरात सुयाम नावाचा राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्व हिमालयात रानबकऱ्याच्या योनीत जन्मले होते. त्यांचे नाव धीरशृंग, आणि एका मोठ्या कळपाचे ते नायक होते. शिंगे इतकी पसरलेली, की मान वळवण्याआधी शेजारी कोण उभे आहे ते पाहावे लागे. स्वभाव मात्र अगदी गरीब होता.

त्यांच्या पहाडाला एकच पळवाट होती. दोन कड्यांच्या मध्ये कधीकाळी दरड कोसळून दगडांचा मोठा उतार झाला होता, आणि त्याच्या खाली दरी होती. उतारावरचे बहुतेक दगड पाय पडताच घरंगळत. काही थोडे मात्र फार जुने, खोल रुतलेले होते. ते ओळखण्याची खूण म्हणजे दगडफूल.

नावात फूल असले तरी ते फूल नव्हे. दगडाला बिलगून बसलेली ती करडी, कडांना मुरडलेली पाने. त्याला देठ नाही आणि मातीही लागत नाही. दव आणि धुके पिऊन ते जगते, आणि वाढते इतके सावकाश, की करडू म्हातारे व्हावे तेव्हा कुठे ते खुराएवढे पसरते. हलत्या दगडावर त्याला बस्तान बसवायला सवडच मिळत नाही. म्हणून जिथे दगडफूल असे, तिथे कळप निर्धास्त पाय टाकी. उन्हात वाळले की ते दगडाच्याच रंगाचे होई, आणि धुक्यात भिजले की फुगून हिरवे दिसे. कळप नेहमी धुक्यातच उतार ओलांडी.

हिवाळ्यात गवत बर्फाखाली गेले की रानबकरे झाडांच्या खोडांवरचे दगडफूल खात. उतारावरच्या दगडफुलाला मात्र तोंड लावायचे नाही, आणि लावलेच, तर पुढच्या खेपेला त्यानेच सर्वांच्या पुढे उतारावर पाऊल ठेवायचे, असा त्यांचा कायदा होता. ज्याने कुणी तो केला, तो बहुधा पोटभर जेवलेला असावा.

एका वर्षी हिवाळा लांबला आणि खोडे उघडी पडली. तशात एका सकाळी खालच्या रानातून कुत्र्यांचे भुंकणे ऐकू आले. शिकारी चढून येत होते. धुके दाट होते, तेव्हा कळप आशेने उताराच्या काठावर गोळा झाला, आणि पाहतो तर उतारावर हिरवा ठिपका म्हणून नाही. सगळे दगड सारखे, ओले, करडे.

"वाट खाल्ली कुणीतरी!" वक्रशृंग ओरडला. हा कळपातला सर्वांत वडील बोकड, कायद्याचा मोठा अभिमानी. "कोण आहे ते? पुढे व्हा! मरायचंच असेल तर आधी त्यानं मरावं!"

खाल्ली होती मंदगेने. ती पहिल्यांदाच गाभण होती, आणि पोटातला जीव तिला उभे राहू देत नव्हता. धुके ओसरू लागले की, दगडफूल अजून हिरवे असतानाच, ती एकटीच उतारावर उतरे आणि फक्त घट्ट दगडांवर पाय ठेवत ते खरवडून येई. आता ती सर्वांच्या मागे उभी होती. आपण बोललो तर आपल्याबरोबर पोटातलेही दरीत जाईल, एवढेच तिला कळत होते.

भुंकणे जवळ आले. वक्रशृंग एकेकाचे तोंड हुंगू लागला.

बोधिसत्त्वांनी मंदगेकडे एकदाच पाहिले आणि लगेच नजर काढून घेतली. मग ते म्हणाले, "थांबा, वक्रशृंगदादा. आपल्यातलं कुणी वाट खाण्याइतकं भुकेलं होतं आणि मला त्याचा पत्ता नव्हता. मग मी नायक कसला? पुढे मी जातो. पलीकडे गेल्यावरही हे कुणी कुणाला विचारायचं नाही."

"तुम्ही खाल्लंत?"

"मी खाल्लं नाही. भूक दिसली नाही, हा दोष माझा."

ते उतरले. पहिला दगड टिकला. दुसरा पायाखालून निसटला आणि दरीत गेला. तळाशी आपटल्याचा आवाज यायला फार वेळ लागला. बोधिसत्त्वांचा मागचा पाय सोलवटला होता. त्यांनी तिसऱ्या दगडाकडे पुढचा पाय उचलला.

"त्यावर नको!"

सगळ्यांनी वळून पाहिले. मंदगा काठावर आली होती.

"त्यावर फूल नव्हतं, नायक. त्याच्या खालचा, टोक आलेला. त्यावरचं मी खाल्लंय."

वक्रशृंगाने तिच्यावर शिंगे रोखली. बोधिसत्त्व मागे न वळता शांतपणे म्हणाले, "बरं. मग पुढचा, बाळ?"

"डावीकडचा रुंद. मग चिरा गेलेला. तिथून उडी." उपाशी जिभेला प्रत्येक घास आठवत होता, आणि तिने एकही दगड चुकवला नाही. बोधिसत्त्व पलीकडे पोचले. मग एकामागून एक सारे निघाले. मंदगा काठावर उभी राहून प्रत्येकाला दगड सांगत होती, म्हणून ती शेवटी उरली.

तेवढ्यात कुत्री झुडपांतून बाहेर पडली.

मंदगेने उडी टाकली, पण भीतीने तिला काहीच दिसेना. तेव्हा पलीकडून हाक आली. "टोकाचा, पोरी! आता डावा! घाबरू नकोस, चिरेवर ये!" हाक मारणारा वक्रशृंग होता. ती त्या आवाजावर पाय टाकत पलीकडे पोचली. मागे एका कुत्र्याने उतारावर पंजा ठेवला, दगड घरंगळला, आणि ते शेपूट घालून मागे सरले.

भिक्षूंचे गुरू असलेल्या शास्त्यांनी ही कथा विहारात सांगितली, तेव्हा आजारी भिक्षूसाठी ठेवलेली पेज कुणीतरी पिऊन टाकली होती. चोराला संघातून हाकला, असा ज्येष्ठ भिक्षू स्थविर अरिंदम यांचा आग्रह होता आणि सर्व जण खाली मान घालून बसले होते. कथा संपवून शास्ता म्हणाले, "तेव्हाचा वक्रशृंग म्हणजे आजचे अरिंदम. कळप म्हणजे तुम्ही सर्व. धीरशृंग मीच होतो."

एवढे बोलून ते थांबले. मंदगा कोण, ते त्यांनी सांगितले नाही.

मग खांबाआडून एक नवा भिक्षू उठला.

"भंते," तो म्हणाला, "ती मी होतो."

अरिंदम जागेवरून उठले, त्यांनी आपल्या पात्रातला भात त्याच्यापुढे ठेवला आणि परत जाऊन बसले. शास्ता म्हणाले, "भिक्षूंनो, याला अभयदान म्हणतात."