कोल्ह्याचे शंभरात नव्वद

मुलांनो, एका डोंगराच्या माथ्यावर, पसरट कातळावर, जंगलातल्या पिल्लांची शाळा भरत असे. तिथे शिकवायला अस्वलबाई होत्या. बाईंच्या अंगावर एवढे दाट केस, की थंडी कशाशी खातात हे त्यांना ठाऊकच नव्हते. त्यामुळे गारठ्याची सुट्टी कधी मिळत नसे. सुट्टीचा नियम एकच होता. सकाळी कातळावरून समोरचा उंबर दिसला तर शाळा, धुक्यात दिसला नाही तर सुट्टी.

दर हिवाळ्यात पहिली बोरे पिकली की बाई ती सगळ्यांना वाटत, आणि त्या दिवशी एक पिल्लू सर्वांसमोर गाणे म्हणे. यंदा तो मान छोट्या सशाचा होता. पंधरा दिवस त्याने बिळात एकच गाणे घोकले होते. हा दिवस हुकला तर पुढच्या वर्षी मान दुसऱ्याचा. त्याच दिवशी बाई सतराचा पाढाही विचारणार होत्या, आणि तो शेजारच्या कोल्ह्याला मुळीच येत नव्हता.

नेमके त्या सकाळी वर्षातले पहिले धुके पडले. ससा आणि कोल्हा दोघेही खाली ओढ्याकाठी राहत. कोल्हा दारात बसून मोठ्या ऐटीत हिशेब मांडत होता. "वारा पडलाय, त्याचे तीस. ओढ्यावर वाफ आहे, तिचे तीस. माझ्या दारातली करवंदीची जाळी दिसत नाही, तिचेही तीस. शाळा बंद असण्याची शक्यता शंभरात नव्वद. जा, झोप जाऊन." सतराच्या पाढ्याला अडणारा हा गडी शंभराचा हिशेब मात्र झरझर करत होता.

सशाचा चेहरा एवढासा झाला. त्याने दोनदा मिशा पुसल्या आणि विचारले, "म्हणजे दहा उरतात ना?"

"उरतात, पण दहाच."

"मला तेवढे पुरेत," ससा म्हणाला आणि चढणीला लागला.

पाय गारठले, कान दवाने ओले झाले, पुढची वाट दिसेना. गाणे मनात म्हणत तो चढत राहिला. अर्धा डोंगर चढून झाला आणि धुके एकदम संपले. वर लख्ख ऊन पडले होते, उंबर पानापानांनिशी दिसत होता आणि कातळावर पिल्ले पाठ शेकत बसली होती. धुके सगळे खालच्या ओढ्यात साचले होते. कातळावर पोचलेल्या सशाला इतका आनंद झाला की गाण्याची पहिली ओळ त्याने जरा वरच्याच पट्टीत धरली. पण म्हटले मात्र झकास. बाईंनी त्याला दोन ओंजळी बोरे दिली.

दुपारी तो खाली आला, तेव्हा कोल्हा अजून धुक्यातच बसला होता. "बघ, मी म्हटलं नव्हतं? आज शाळा बंदच असणार," तो म्हणाला.

सशाने त्याच्यासमोर एक बोर ठेवले. "हे शाळेतलं. आणि बाई म्हणाल्या, तुझा पाढा उद्या सगळ्यांत आधी घेणार."

कोल्ह्याचे कान पडले. "मग माझे नव्वद गेले कुठे?"

"इथंच आहेत की, तुझ्या दारात," ससा म्हणाला. "वर कुणी नेलेच नाहीत."

तात्पर्य : घरबसल्या, मनाला हवा तसा बांधलेला अंदाज खरा मानू नये; चार पावले चालून डोळ्यांनी पाहावे.