झोळीतला सीमेचा दगड

फार पूर्वी, राजवाड्याच्या दारावर न्यायाची घंटा टांगलेली असे त्या काळी, एका गावात एक पानमळेकरी राहत होता. स्वभावाने तो कमालीचा संशयी. वाटेत दोघे जण हसताना दिसले, तरी ते आपल्यालाच हसत आहेत असे त्याला वाटे.

त्या गावाची एक रीत होती. बांध ठरला की पंच सीमेवर दगड रोवत आणि त्याखाली कोळसा पुरत. दगड कोणीही हलवू शकतो. मातीत दडलेला कोळसा मात्र जागा सोडत नाही. वाद उद्भवला, तर दोन्ही बाजूंसमक्ष ती जागा उकरून पाहिली जाई.

एके वर्षी शेजाऱ्याने कुंपण पुढे सरकवून मळेकऱ्याची एकुलती एक विहीर आत घेतली. वर म्हणाला, “दगड तुम्हीच कधीतरी हलवला असेल.”

विहिरीवाचून पानवेली जगणार नव्हत्या. बायको म्हणाली, “पंचांना बोलवा. उकरलं की दिसेलच.”

“पंच काल त्याच्या ओट्यावर पान खात होते.”

“पान आपल्याच मळ्यातलं होतं.”

“म्हणून तर संशय येतो.”

पंच खूण नाहीशी करतील या भीतीने मळेकऱ्याने स्वतःच दगड उपटला, खालचा कोळसा वेचला, सारे झोळीत भरले आणि राजधानी गाठून घंटा वाजवली.

न्यायाधीशांनी विचारले, “विहीर राजाच्या कोणा अधिकाऱ्याने घेतली?”

“नाही. शेजाऱ्याने.”

“ही घंटा राजाच्या माणसांवर वचक राहावा म्हणून आहे. शेजाऱ्याशी तंटा असेल तर पंचांकडे जा.”

मळेकऱ्याने लगेच सूर बदलला. “पंच राजानेच नेमलेत, महाराज. ते फितूर आहेत.”

“त्यांनी न्याय नाकारला?”

“मी गेलोच नाही. गेलो असतो तर नाकारलाच असता.”

“नाकारला तर जरूर ये, घंटा तुझीच आहे,” न्यायाधीश म्हणाले. “ पण बांध कुठे होता हे या दारातून आम्हाला दिसत नाही. साक्षीदार तिथले, खूणही तिथलीच.”

“खूण आणली आहे,” असे म्हणत त्याने झोळी उपडी केली.

न्यायाधीशांनी दगडाकडे पाहिले, मग त्याच्याकडे. “अरे, हे जिथे पुरलेलं होतं, तिथेच ती खूण होती. इथे नुसता दगड आणि कोळसा.”

यांनाही शेजाऱ्याने गाठले असणार, असे मनाशी म्हणत मळेकरी परतला. अखेर नाइलाजाने त्याने पंचांना बोलावले. मधल्या काळात शेजाऱ्याने तो खड्डा बुजवून नांगर फिरवला होता. मळेकऱ्याने कोळसा पुढे केला.

“कोळसा तर माझ्या चुलीतही आहे,” शेजारी शांतपणे म्हणाला.

वडीलधारे पंच हळहळले. “हा जमिनीत असता, तर दुपारच्या आत विहीर तुझी झाली असती. आता कोणाच्या शब्दावर कुंपण हलवायचं?”

कुंपण होते तिथेच राहिले. पानवेली माना टाकू लागल्या, तेव्हा मळेकरी घागर घेऊन आपल्याच विहिरीवर गेला.

“हवं तेवढं न्या, दादा,” शेजारी म्हणाला. “दोर तेवढा माझ्या घरून मागून घेत जा.”

कुंपणापाशी उभे असलेले दोघे जण हसले. ते कोणाला हसत होते, याविषयी मळेकऱ्याला या वेळी संशय उरला नाही.

तात्पर्य इतकेच: राज्याचे मोठे दार सत्तेच्या अन्यायासाठी उघडे असते, शेजाऱ्याशी असलेला जमिनीचा तंटा जिथे पुरावा तपासता येतो तिथेच न्यावा, आणि पारखण्याआधीच कोणाला फितूर ठरवू नये.