दऊतटेकडीवरची हाक

दऊतटेकडीची आख्यायिका माझ्याइतकी बिनचूक सांगणारा या पंचक्रोशीत दुसरा कोणी नाही. म्हणजे दोघे होते. ते वारले, आणि ते असेपर्यंत मला कोणी विचारत नसे. शाळाही माझी चौथीतच आटोपली, ती गुरुजी कंटाळले म्हणून.

टेकडीच्या माथ्यावर तळे आहे. दऊतीसारखे गोल, आणि पाणी काळेभोर. ओंजळीत घेतले तरी काळेच. परवा शहरातून सरोजताई नावाच्या निवृत्त नर्सबाई आल्या होत्या, सोबत गळ्यात कॅमेरा अडकवलेले यजमान. हे पाणी प्यायले की अक्षर सुधारते, असे मी यजमानांना सांगितले. ते बिचारे वाकलेसुद्धा! बाईंनी त्यांना कॉलर धरून मागे ओढले.

"आजोबा, चेष्टा पुरे. खरं काय ते सांगा."

मग सांगितले. तेच इथे लिहितो.

फार पूर्वी या टेकडीवर मसीकरांची वस्ती होती, असे सांगतात. मसी म्हणजे शाई. शाई करावी आणि जाणत्यांची विद्या लिहून ठेवावी, एवढाच त्यांचा धर्म. आणि शायाही कशा! एका शाईने खोटे लिहिले तर ते वाळतच नसे; आमच्या सरपंचांच्या नशिबाने ती आता मिळत नाही. दुसरीने लिहिलेले आंधळ्यालाही वासावरून वाचता येई, म्हणे. पण सगळ्यांत थोर ती अक्षय मसी. तिने लिहिलेले पुरात भिजो, दगडावर आपटो, जात नसे. मात्र जे लिहावे ते लिहिणाऱ्याच्या मनातून कायमचे जाई. कोणी पुन्हा आठवण करून दिलीच, तर दिवस मावळेपर्यंत टिके, तेवढेच.

मसीकरांचा आणखी एक नेम होता. कोणतीही विद्या लिहिताना ती आपल्याला कशी कळली, हे पहिल्या ओळीत लिहायचे. ती ओळ नसलेले पान ते चुलीत घालत.

म्हाळसाई ही त्यांची मुख्य. तिची मुलगी चिमा, दुधाचे दात पडायच्या वयाची, तापाने आजारी पडली. आईने रानातला एकेक पाला वाटून, एकेक मुळी उगाळून पाहिली. अखेर एका मुळीने ताप उतरला, पण तोवर पोरीत जीव उरला नव्हता. ती गेली. मुळीची ओळख तेवढी आईपाशी राहिली, आणि पोरीचा एक लहानसा परकर.

पुढच्या पावसाळ्यात तोच ताप खोऱ्यात शिरला. दरड कोसळून वाट बंद झालेली, नदी दुथडी. टेकडीवरून खालच्या चितांचा धूर दिसे, पण उतरता येईना. खाली जात होता तो फक्त तळ्यातून निघणारा ओढा. तेव्हा सागाच्या पानांवर मुळीची माहिती लिहून ओढ्यात सोडायची ठरली. पुरात टिकणारी मसी एकच. ती गावोगाव पुरेल इतकी हवी, म्हणून घरोघरचे काजळ, हिरडा, बाभळीचा डिंक असे सगळे तळ्यात ओतले. तळेच शाई झाले.

म्हाळसाई लिहायला बसली तेव्हा भानजी नावाच्या म्हाताऱ्या मसीकराने तिचा हात धरला, असे सांगतात.

"म्हाळसाई, पहिली ओळ सोड. मुळीचं तेवढं लिही. चिमा तरी राहील तुझ्याकडे."

"पुरातून वाहत आलेलं पान सांगतं म्हणून कोण आई लेकराला मुळी उगाळून देईल, भानजी? आणि उशीर केला की काय होतं, ते त्यांना कोणी सांगायचं?"

तिने परकर मांडीवर घेतला, पोरीला एकदा नावाने हाक मारली आणि बोरू तळ्यात बुडवला. "माझ्या चिमाला ही मुळी उशिरा मिळाली. ती गेली. तुम्ही ताप चढताच द्या." खाली मुळीची खूण, उगाळायची रीत. शेवटचे अक्षर वाळले, तशी तिने मांडीवरचा परकर उचलून पाहिला.

"हा कोणाच्या पोरीचा गं इथं राहिला?"

 बाकीच्यांनी तिचे पान समोर ठेवून नकला उतरवल्या. जो जो लिही तो तोही चिमाला विसरत जाई. संध्याकाळी ओढा पानांनी झाकून गेला होता, आणि टेकडीवर चिमा कोणालाच ठाऊक नव्हती.

खाली मात्र बायांनी पाने काढली. अक्षर न अक्षर शाबूत. चिमा कोणाची, हे खोऱ्याला ठाऊक होतेच. पहिली ओळ वाचून, ज्यांना वाचता येत नव्हते त्यांनी ऐकून, पदराने डोळे पुसले आणि मुळी शोधायला धावल्या. ताप हटला. पूर ओसरल्यावर त्या वाचलेली लेकरे कडेवर घेऊन वर आल्या आणि म्हाळसाईला म्हणाल्या, तुला चिमा होती. ती थक्क होऊन विचारी, "माझी?" आणि तिचा चेहरा उजळून निघे. दिवस मावळला की सारे पुसून जाई. म्हणून त्या दरवर्षी येऊ लागल्या. ती गेल्यावर तिची रक्षा तळ्यातच सोडली, तरी येणे थांबले नाही.

आजही पूर ओसरला की खोऱ्यातल्या आया लेकरांना घेऊन काठावर उभ्या राहतात आणि एका आवाजात हाक घालतात, "म्हाळसाई, चिमा तुझी!" समोरचा कडा ती हाक परत देतो. पाणी अजून काळेच आहे. त्यात बोरू बुडवायला कोणी धजत नाही. मी देवाचीसुद्धा थट्टा करतो, पण ती हाक उठली की मीही हात जोडतो.

ऐकता ऐकता यजमानांनी कॅमेरा खाली घेतला होता. मी ऐटीत म्हणालो, "बघा सरोजताई, असं दरवर्षी तिला तिचं लेकरू परत मिळतं."

बाई पाण्याकडे बघत होत्या.

"आणि ते गेलं, हेही दरवर्षी नव्यानंच कळत असेल की हो, आजोबा."