दगडाची सुईण

फार वर्षांपूर्वी, गावाला नाव होतं पण पाणी नव्हतं, तेव्हाची ही गोष्ट. कातळवाडीत हौसाक्का नावाची सुईण राहायची. निम्मं गाव तिच्या हातावर जन्मलेलं. अडलेल्या बाईकडे गेली, की ती आधी आरडाओरडा करणाऱ्यांना बाहेर घालवायची आणि म्हणायची, "वढायचं नसतंय. येऊ द्यायचं असतंय." तिच्या तळहातात देव होता, असं म्हणतात.

तिचा एकुलता एक लेक सिदू मात्र घणाचा गडी, विहिरी खणणारा. गावाने विहीर काढायला घेतली, तेव्हा पहिली कुदळ त्यानेच मारली. पाच पुरुष खोल गेल्यावर निळसर कातळ लागला आणि सगळ्यांची मती गुंग झाली. घण घालावा तर घणच उलटा उसळे, आणि कातळ आणखी टणक होई. टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही म्हणतात. या दगडाला घावच सोसत नव्हते! दमून सिदूने सहज त्याच्यावर हात टेकला, तर हात मनगटापर्यंत आत गेला, परातीतल्या कणकेत जावा तसा.

"आरं, दगूड मऊ हाय!" सिदू ओरडला. गड्यांनीही हात लावून पाहिला. मारलं तर वज्र, गोंजारलं तर कणीक. वरून गार, आत ऊनऊन. असला दगड कुणाच्या बापजाद्यांनी पाहिला नव्हता. लोकांनी त्याला रुसका कातळ म्हटलं.

पाय हलते होते तोवर ठीक होतं. पण नवलाच्या भरात सिदू एका जागी उभा राहिला आणि बघता बघता कमरेपर्यंत रुतला. भ्यालेला माणूस हातात असेल तेच चालवतो. गड्यांनी त्याच्याभोवती घण घातले, पहारी घातल्या. प्रत्येक घावागणिक कातळ आवळत गेला. सिदूला श्वास पुरेना.

निरोप मिळताच हौसाक्का दोर धरून खाली उतरली. पोटचा पोर दगडाने गिळलेला तिने पाहिला. काखेत धरून त्याला ओढावं, असं तिच्या जिवाला झालं. हात पुढे गेलेही होते, पण तिने ते मागे घेतले.

"कुणी मारू नगा," ती म्हणाली. "ही बी अडलेली बाईच हाय म्हना."

तिने गडी वर पाठवले, कोमट तेल मागवलं आणि बाळंतिणीचं पोट चोळावं तसा कातळ चोळायला घेतला. काठावरून गाव वाकून बघत होतं. हळूहळू कातळ सैलावला, तिचे हात कोपरापर्यंत आत गेले. सिदू सुटला आणि तो होता तिथून पाण्याचा झरा उसळला!

वर एकच जल्लोष झाला. केरबा पाटील सकाळपासून नवसाचा नारळ धरून उभा होता. विहिरीला पाणी लागलं की नारळ फोडायचा, ही आपली रीत. त्याने डोळे मिटले, देवाचं नाव घेतलं आणि काठावरच्या दगडावर नारळ आपटला. तो दगड म्हणजे त्याच कातळाचं वर आलेलं टोक होतं.

खाली हौसाक्काचे दोन्ही हात अजून कोपरापर्यंत आत होते. कातळ मिटला.

पाटलाच्या हातातून करवंटी गळून पडली. सिदू आईसारखंच चोळू लागला, पण त्याचे हात लटलट कापत होते आणि कापऱ्या हाताला कातळ बधेना. पाणी छातीला लागलं.

"वर जा, बाळा," ती म्हणाली. "आन् केरबाला बोल लावू नगा. त्येलाबी ह्याच हातांनी भायेर काढलाय."

गड्यांनी सिदूला दोराने वर घेतला आणि पाणी तिच्या डोक्यावरून गेलं. कातळाने तिला कधीच सोडलं नाही, असं म्हणतात.

त्या विहिरीचं पाणी आजवर आटलेलं नाही. कातळवाडीत कुणी अडली, की पहिला घोट तिथलाच देतात. आणि तिथे नारळ फोडत नाहीत. लग्न असो, बारसं असो, अख्खा नारळ दोन्ही हातांनी अलगद काठावर ठेवतात. नव्या सुनेची कळशी काठाला आपटलीच, तर शेजारची बाई दचकून तिचा हात धरते.

"हळू गं," ती म्हणते. "खाली आक्काचे हात हायेत."